भोंग्याच्या मुलखातला सोंगाड्या

भिवंडी हे कापडाचे गाव आहे हे महाराष्ट्रात कोणालाही सांगावे लागत नाही; परंतु कापड विणणाऱ्या माणसांच्या करमणुकीचा इतिहास कापडाच्या इतिहासाइतक्या आस्थेने कोणी लिहून ठेवलेला नाही, आणि म्हणून मुंबईच्या नायगावात जन्मलेल्या एका विनोदी नटाच्या दीर्घ व बहुरंगी कारकिर्दीची हकीकत भिवंडीकराने लिहावी याचे प्रयोजन काय, असे वाचकाने विचारल्यास त्याचे समाधान आरंभीच करणे उचित होईल. दादा कोंडके ज्या गिरणगावाचे अपत्य होते, त्या गिरणगावातले साचे १९८२च्या संपानंतर थंडावले आणि तेथे विणले जाणारे कापड फार मोठ्या प्रमाणावर भिवंडीच्या यंत्रमागांवर विणले जाऊ लागले. धंदा आला, कामे आली, गिरण्यांनी मोडीत काढलेले माग तर त्यापूर्वीपासूनच येत होते. मात्र त्या धंद्याच्या आश्रयाने गिरणगावात जे रंगपीठ उभे राहिले होते, ते काही भिवंडीस आले नाही. ते का आले नाही, याचा उलगडा दादांच्या कारकिर्दीचे बारकाईने अवलोकन केल्यावाचून होणार नाही, अशी माझी धारणा आहे.

सोंगाड्या हा महाराष्ट्राच्या लोकजीवनात दादांहून पुष्कळच जुना. उत्तर पेशवाईत रामजोशी, अनंतफंदी, होनाजी बाळा, सगनभाऊ, परशराम, प्रभाकर या शाहिरांनी लावणीस व पोवाड्यास जी प्रतिष्ठा मिळवून दिली, तिच्या छायेतच तमाशाचा फड वाढला. पेशवाईचा अंमल संपला, सरदारांच्या वाड्यांवरील बिदागी आटली, आणि फड गावोगावच्या जत्रांकडे वळला. पुढे १८६५च्या सुमारास उमाजी सावळजकरांच्या ‘मोहना-बटाव’ या वगाने तमाशास सलग कथानक लाभले. गण, गवळण, बतावणी, रंगबाजीच्या लावण्या आणि शेवटी रात्र सरेपर्यंत चालणारा वग, असा जो क्रम पुढे रूढ झाला, त्यात राजा येतो, प्रधान येतो, राणी येते आणि आपापले काम आटोपून पडद्यामागे जाते. सोंगाड्या मात्र गवळणीतल्या पेंद्यापासून वगातल्या हवालदारापर्यंत या ना त्या रूपाने सतत प्रेक्षकांसमोर असतो. त्याच्या तोंडी लिहिलेली संहिता नसते. ढोलकीवाल्याच्या शेजारी उभे राहून, वर्षानुवर्षे झील धरून, गावातल्या पाटलाचे, तलाठ्याचे, सावकाराचे नाव प्रयोगाआधी अर्धा तास काढून घेऊन आणि ते योग्य वेळी वगात पेरून तो आपले भाषण तिथल्या तिथे रचतो. राजाला उलट प्रश्न विचारण्याची सनद सबंध दरबारात त्याला एकट्याला असते, आणि ती सनद राजाने दिलेली नसून समोर जमिनीवर बसलेल्या रयतेने दिलेली असते.

ही विद्या ज्यांनी सांभाळली ते बहुतेक महार, मांग, कोल्हाटी अशा जातींतले, भूमिहीन, गावकुसाबाहेरचे कलावंत होते, आणि त्यांच्या कलेवर जीव टाकणाऱ्या समाजाने त्यांना पंक्तीस कधी बसवले नाही, हे विसरून तमाशाचे कौतुक करणे मला अप्रामाणिकपणाचे वाटते. श्रीधर कृष्ण कुलकर्णी नावाचा रेठऱ्याचा ब्राह्मण कुलकर्णीपणाचे वतन सोडून पठ्ठे बापूराव झाला आणि पवळा या नर्तकीसह फडावर उभा राहिला, तेव्हा त्याची जी निर्भर्त्सना झाली तिच्यावरून या कलेची सामाजिक पायरी कोणती होती हे समजते. दादू इंदुरीकरांसारख्या अस्सल सोंगाड्याच्या ‘गाढवाचं लग्न’ची दखल शहरी रसिकांनी व संगीत नाटक अकादमीने घेतली, ती या परंपरेच्या फार उशिराच्या काळात.

आता गिरणगाव. कावसजी दावर यांनी १८५४ साली ताडदेवास कापडगिरणीची उभारणी आरंभिली आणि १८५६पासून तिचे चक्र फिरू लागले. पुढील पन्नास वर्षांत परळ, लालबाग, नायगाव, वरळी, भायखळा या टापूत गिरण्यांच्या चिमण्यांचे रानच उगवले. त्या रानात राबावयास माणसे आली ती रत्नागिरीहून, साताऱ्याहून, पुणे व अहमदनगरच्या कोरड्या तालुक्यांतून. गाळ्यात पंधरा-वीस जणांनी पाळीपाळीने झोपावे, खानावळवालीच्या ताटावर जेवावे, भोंग्याने उठावे आणि भोंग्याने परतावे, असे त्यांचे जिणे होते. परंतु या माणसांनी गावाकडून नुसती भूक आणली नव्हती. कोकण्यांनी नमन, भजन व दशावतार आणले होते, घाटावरच्यांनी तमाशा, भारूड व गोंधळ आणला होता. लालबागच्या हनुमान थिएटरात तमाशाचे फड उतरू लागले, ना. म. जोशी यांनी १९११ साली स्थापन केलेल्या सोशल सर्व्हिस लीगच्या परळ येथील दामोदर हॉलमध्ये कामगारांची नाटके होऊ लागली. गणेशोत्सवाचे मंडप दहा दिवसांचे रंगमंच बनले.

या रंगपीठाच्या उभारणीमागे एक कारण असे आहे की जे कलेच्या इतिहासात सहसा नमूद होत नाही, आणि माझ्या मते तेच सर्वांत महत्त्वाचे आहे. ते म्हणजे संध्याकाळ. गिरणीच्या आरंभीच्या काळात सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत राबणाऱ्या कामगारास संध्याकाळ अशी नव्हतीच. दीर्घ झगड्यानंतर व एकामागून एक झालेल्या कायद्यांनंतर ती त्याच्या पदरात पडली आणि १९४८च्या कारखाना कायद्याने आठवड्याचे तास अठ्ठेचाळीसवर बांधून ती पक्की केली. पाळी सुटल्यावर अंग धुऊन, चहा पिऊन, चाळीच्या मोकळ्या जागेत ढोलकी घेऊन बसावयास माणसाला जे तीन-चार तास लागतात, ते कामगार चळवळीने त्यास मिळवून दिले. त्याच चळवळीने त्या तासांत काय करावे याचेही उत्तर पुरवले. १९४१ साली पुनर्घटित झालेल्या राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकाने समाजवादी तरुणांस गाणे, नाचणे व वग करणे शिकवले; १९४४ साली अमर शेख, अण्णा भाऊ साठे व गवाणकर यांच्या लाल बावटा कलापथकाने तमाशाचा साज घेऊन त्यातून राजा-राणीस रजा दिली आणि त्यांच्या जागी मालक, सावकार व दलाल यांस उभे केले. ‘लोकनाट्य’ म्हणून जे पुढे मान्यता पावले ते याच उलथापालथीतून निघाले, आणि गिरणगावातल्या प्रत्येक गल्लीत त्याची नक्कल करणारी पोरे तयार झाली.

त्या पोरांपैकी एक कृष्णा कोंडके. जन्म ८ ऑगस्ट १९३२, नायगाव. मूळ गाव भोर संस्थानातले इंगवली. घरची मंडळी बाँबे डाइंगच्या कामगारांत वावरणारी. शिक्षण बेताचे, दांडगाई पुष्कळ. पुढे सर्व महाराष्ट्राने ज्यांस ‘दादा’ म्हटले त्यांना ते नाव नायगावच्या गल्लीने प्रथम दिले. तारुण्यात जवळची माणसे अल्पावधीत एकामागून एक गेली आणि घर ओस पडले. त्या आघाताने हा हूड तरुण कित्येक दिवस कोणाशी बोलेना. त्यातून बाहेर आल्यावर लोकांना हसवण्याचेच काम करावयाचे असा त्याने निश्चय केला, असे दादांचे स्वतःचे कथन आहे, आणि त्यांच्या विनोदात रडू आवरून धरल्याचा जो एक स्वर अधूनमधून लागतो तो ऐकणाऱ्यास ते खरे वाटावे असे आहे.

पोटासाठी नायगावच्या अपना बाजारात नोकरी आणि हौसेसाठी बँड, अशी त्यांच्या कारकिर्दीची सुरुवात. चरित्रकार बँडचा उल्लेख करून पुढे जातात. मला मात्र तेथे थोडे थांबावेसे वाटते. लग्नाच्या वरातीत वा गणपतीच्या मिरवणुकीत वाजवणाऱ्याला समोरच्या गर्दीचा कल क्षणाक्षणाला पाहावा लागतो. गर्दी नाचू लागली की तेच कडवे पुन्हा घ्यावे लागते, थकली की लय उतरवावी लागते, आणि नवरदेवाचा मामा पुढे आला की त्याच्यासाठी वेगळा ठेका धरावा लागतो. दादांच्या संवादात शब्दांपेक्षा शब्दांमधल्या विरामाला जी किंमत होती, हशा पूर्ण विरण्याच्या नेमक्या किंचित आधी पुढचे वाक्य टाकण्याची जी त्यांची हातोटी होती, ती कोणत्या नाट्यशाळेत शिकवली जात नाही. सेवा दलाच्या कलापथकात त्यांस रंगमंच मिळाला, परंतु त्याआधी रस्ता मिळालेला होता. शिवाय त्यांच्या पुढच्या चित्रपटांत गाण्याला जे मध्यवर्ती स्थान आहे, आणि त्या गाण्यांचा ठेका वरातीतल्या बँडला जो लगेच उचलता येतो, त्याचेही मूळ मी येथेच मानतो.

सेवा दलापासून अलग होऊन दादांनी स्वतःची मंडळी काढली आणि ‘खणखणपूरचा राजा’ या लोकनाट्यातील त्यांचे काम पाहून प्रसन्न झालेले वसंत सबनीस यांच्याकडे नव्या वगाची मागणी केली. सबनिसांनी पूर्वी लिहिलेला ‘छपरी पलंगाचा वग’ ‘विच्छा माझी पुरी करा’ या नावाने १९६५च्या सुमारास रंगभूमीवर आला, आणि त्याचे दीड हजारांवर प्रयोग झाले. कथानक लहानसे आहे. राज्यातला कोतवाल मरण पावतो. त्या जागेवर आपला हक्क आहे असे हवालदारास वाटते. परंतु प्रधान आपल्या मेहुण्याची वर्णी लावतो. मग हवालदार मैनावती नावाच्या नर्तकीस हाताशी धरून नव्या कोतवालास असा नादी लावतो की तो तिच्या हट्टापायी राजाचा छपरी पलंग पळवावयास सिद्ध होतो आणि पकडला जातो.

हा वग सुशिक्षितांनी शिवाजी मंदिरात पाहून वाखाणला, हे खरे. परंतु साचेखात्यात बदली म्हणून रोज सकाळी गिरणीच्या दारात उभा राहणारा, आज काम मिळते की नाही हे जॉबरच्या, म्हणजे मुकादमाच्या, मर्जीवर सोडून देणारा आणि जॉबरचा भाचा परवा येऊन कायम झाला हे डोळ्यांदेखत पाहिलेला कामगार जेव्हा तो पाहत असे, तेव्हा त्यास प्रधान, मेहुणा व कोतवाली यांचा अर्थ कोणी समजावून द्यावा लागत नसे. दादांचा हवालदार रंगमंचावर येई तो हक्काची जागा गेलेल्या माणसाच्या चालीने येई. त्याच्या पायांत थोडा संकोच, मानेत थोडा ताठा आणि डोळ्यांत असा भाव की जणू आपल्यावर अन्याय झाला हे समोरच्या प्रत्येकास ठाऊकच आहे, फक्त बोलून दाखवावयाचे राहिले आहे. आणि मग तो बोले. सबनिसांची संहिता बांधेसूद होती, तरी तिच्यात दादांनी रोज नवे घातले. त्या दिवशीच्या वर्तमानपत्रातला मंत्री, त्या आठवड्यातली रेशनची टंचाई, पहिल्या रांगेत येऊन बसलेला प्रतिष्ठित पाहुणा, यांतले काहीही त्या दरबारात हजर होई. लिखित नाटकाची शिस्त आणि फडावरच्या सोंगाड्याचे स्वातंत्र्य यांचा असा मेळ मराठी रंगभूमीवर क्वचितच जमला आहे, आणि दादांच्या सबंध कार्यात मी ‘विच्छा’स अग्रस्थान देतो ते यामुळे.

आशा भोसले या वगाच्या चाहत्या होत्या. त्यांनी दिग्दर्शक भालजी पेंढारकरांपर्यंत दादांचे नाव पोचवले आणि १९६९च्या ‘तांबडी माती’तून दादा पडद्यावर आले. दोनच वर्षांनी, १९७१ साली, त्यांनी स्वतः निर्मिलेला ‘सोंगाड्या’ आला. लेखणी पुन्हा सबनिसांची, दिग्दर्शन गोविंद कुलकर्णी यांचे, सोबत उषा चव्हाण, रत्नमाला, निळू फुले, गणपत पाटील. विधवा आईच्या धाकात वाढलेला भोळा नाम्या तमाशा पाहावयास जातो, कलावती नावाच्या नर्तकीच्या फडात गुंततो आणि आईच्या रोषास पात्र होतो, एवढीच गोष्ट. दादरच्या कोहिनूर चित्रपटगृहाने हा मराठी चित्रपट बाजूस सारून देव आनंदच्या ‘तेरे मेरे सपने’ला प्राधान्य दिले, तेव्हा शिवसेनाप्रमुख बाळासाहेब ठाकरे यांनी हस्तक्षेप केला आणि ‘सोंगाड्या’ तेथे लागला, हा प्रसंग मुंबईच्या राजकीय इतिहासातही नोंदला गेला आहे. दादा पुढे शिवसेनेच्या व्यासपीठांवरून सभा गाजवू लागले त्याची पार्श्वभूमी ही. पण चित्रपट चालला तो सभांमुळे नव्हे. लालबागच्या भारतमाता चित्रपटगृहासारख्या ठिकाणी मराठी चित्रपट पाहणारा जो कष्टकरी वर्ग होता, त्याने नाम्यात स्वतःचा धाकटा भाऊ पाहिला. ढगळ, पट्ट्यापट्ट्यांची अर्धी चड्डी, तिची गुडघ्यापर्यंत लोंबणारी नाडी, आणि “आये” म्हणून मारलेली ती लांबलचक हाक! शहरात येऊन पँट घालू लागलेला, परंतु आईला अजून त्याच स्वरात हाक मारणारा कामगार त्या चड्डीकडे पाहून हसला, आणि त्या हसण्यात मागे सोडलेल्या घराची ओढ होती.

त्यानंतरचा दशकभराचा काळ दादांच्या वैभवाचा. ‘एकटा जीव सदाशिव’, ‘आंधळा मारतो डोळा’, ‘पांडू हवालदार’, ‘तुमचं आमचं जमलं’, ‘राम राम गंगाराम’, ‘बोट लावीन तिथं गुदगुल्या’, ‘ह्योच नवरा पाहिजे’ अशी ओळ लागली. नऊ चित्रपटांनी लागोपाठ रौप्यमहोत्सव केल्याची नोंद गिनीजच्या ग्रंथात झाली. नट, निर्माता, दिग्दर्शक, गीतकार, लेखक अशी अनेक कामे त्यांनी अंगावर घेतली. १९७५च्या ‘पांडू हवालदार’मध्ये ‘विच्छा’तला हवालदार दरबार सोडून मुंबईच्या रस्त्यावर गस्त घालू लागला, सोबत अशोक सराफ यांच्यासारखा तरुण नट त्याने पुढे आणला, आणि राम-लक्ष्मण या संगीतकारांच्या जोडीची कारकीर्दही त्याच्याच सोबतीने सुरू झाली. त्यांतील लक्ष्मण म्हणजे विजय पाटील यांनी पुढे १९८९ साली ‘मैंने प्यार किया’ या हिंदी चित्रपटास संगीत दिले, तेव्हा नायगावच्या बँडपासून निघालेला ठेका हिंदुस्थानभर वाजला असे म्हणण्याचा मोह मला आवरत नाही. महेंद्र कपूर व उषा मंगेशकर यांचे स्वर, रत्नमालाबाईंची आई, उषा चव्हाण यांची नायिका, अशी एक स्थिर मंडळीच दादांनी बांधली. जुन्या फडाचा मालक ढोलकीवाल्यापासून आचाऱ्यापर्यंत सर्वांस वर्षानुवर्षे सांभाळतो, तशीच ही वहिवाट होती. चित्रपटाच्या धंद्यात ती दुर्मिळ होय.

द्व्यर्थी संवादांविषयी लिहिल्यावाचून दादांवरील लेख पुरा होत नाही. त्यांच्या चित्रपटांची नावे व संवाद यांवरून सेन्सॉरशी त्यांच्या झटापटी झाल्या, शिष्टसंमत वर्तमानपत्रांनी त्यांस ग्राम्य ठरवले, आणि दुसरा अर्थ ऐकणाऱ्याच्या मनातला आहे, माझ्या वाक्यात नाही, हा बचाव ते सदैव करीत राहिले. या बचावात तथ्य आहे. बतावणीची सारी रचनाच अशी असते की सोंगाड्या निरागसपणे अर्धे बोलतो, उरलेले अर्धे प्रेक्षक आपल्या मनाशी पुरे करतो आणि दोघेही एकमेकांस पकडल्याच्या आनंदाने हसतात. ज्यांनी तमाशाचे संशोधनपूर्ण गौरवग्रंथ लिहिले त्यांनीच दादांना नावे ठेवावीत हे न्याय्य नाही. परंतु फडावर हा खेळ प्रत्येक रात्री नव्याने खेळला जातो, समोर बायाबापड्या किती, गाव कोणते, हे पाहून सोंगाड्या हात आखडतो वा सैल सोडतो. पडद्यावर एकदा छापलेले वाक्य सर्व गावांत, सर्व रात्री तेच राहते. त्यामुळे जी चलाखी ‘सोंगाड्या’त ताजी होती ती उत्तरकालीन चित्रपटांत साचा बनली, आणि जेथे ‘सोंगाड्या’तली कलावती ही स्वतःचा मान राखणारी कलावंतीण होती तेथे पुढच्या नायिका बऱ्याचदा विनोदाचे निमित्त तेवढ्या उरल्या. हे मला खटकते, आणि दादांवर प्रेम असूनही ते नमूद करणे मी माझे कर्तव्य समजतो.

१९८४ साली ‘तेरे मेरे बीच में’ घेऊन दादा हिंदीत उतरले. पाठोपाठ ‘अंधेरी रात में दिया तेरे हाथ में’, ‘आगे की सोच’, ‘खोल दे मेरी जुबान’ आले. द्व्यर्थ हिंदीत नेता आला. नाम्या नेता आला नाही. भोर-साताऱ्याकडची ती बोली, ती आईची हाक, तो जॉबरच्या भाच्यावरचा जुना राग, यांतले काही त्या भाषेत शिरले नाही. मराठीत ते ‘मुका घ्या मुका’, ‘पळवापळवी’, ‘येऊ का घरात’, ‘सासरचं धोतर’ असे काम करीत राहिले; अनिता पाध्ये यांनी शब्दबद्ध केलेले त्यांचे आत्मकथन ‘एकटा जीव’ म्हणून प्रसिद्ध झाले; आणि १४ मार्च १९९८ रोजी हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचा अंत झाला.

त्यांच्या हिंदी चित्रपटांचा काळ आणि गिरणगावाच्या पडझडीचा काळ एकच आहे. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले. संप रीतसर मागे घेतला गेला असे कधी घडलेच नाही, परंतु हजारो घरांतला पगार कायमचा बंद झाला. खानावळी उठल्या, गाळे रिकामे झाले, हनुमान थिएटरचीही पुढे अखेर झाली. कापडाची मागणी मात्र होतीच, आणि ती भिवंडीने पुरवली.

भिवंडीचे विणकाम काही संपाने जन्मास आलेले नव्हे. कामवारीच्या काठचे हे जुने बंदर. कोकणी मुसलमान व्यापारी, भोवती आगरी, कोळी, कुणबी यांची गावे, लग्नाच्या मांडवात धवला गाणारी धवलारीण, आणि तालुक्यात वसईच्या १७३९च्या विजयानंतर चिमाजी आप्पांच्या नवसाचे वज्रेश्वरीचे देऊळ. १८५७च्या बंडाव्यानंतर उत्तरेकडून परागंदा झालेले मोमीन विणकर आग्रा रोडने खाली उतरत मालेगाव, धुळे करीत येथवर आले आणि त्यांनी हातमाग मांडले. १९३०नंतर हातमागांच्या जागी मुंबईच्या गिरण्यांनी टाकून दिलेले माग विजेवर चालू लागले. संपानंतर त्यांची संख्या लाखांत मोजली जाऊ लागली आणि ते चालवावयास पूर्व उत्तर प्रदेश, बिहार व तेलंगणातून माणसे आली. त्यांच्यापाशीही परंपरा होती. नौटंकीतला विदूषक आमच्या सोंगाड्याचा सख्खा भाऊ शोभावा असा आहे, आणि भिवंडीचे मुशायरे तर उर्दू जगतात नावाजलेले आहेत. मागाच्या मालकापासून कांडीवाल्यापर्यंत सारे पहाटेपर्यंत तेथे दाद देत बसतात, याचा आम्हा भिवंडीकरांस रास्त अभिमान आहे.

तरीही येथून ‘विच्छा’ निघाली नाही, आणि त्याचा दोष मी या माणसांच्या रसिकतेस देऊ शकत नाही. एकेक कारखाना कागदोपत्री लहान लहान हिश्शांत वाटलेला, म्हणून कारखाना कायद्याच्या दप्तरात पुष्कळदा त्याची नोंदच नाही. पाळी आठ तासांची नव्हे, बारा तासांची. मजुरी विणलेल्या कापडाच्या मापावर, तेव्हा माग थांबला की मजुरीही थांबली. कामगार कुटुंब गावी ठेवून आलेला, भिस्सीत, म्हणजे सामायिक खानावळीत, जेवणारा, दिवसपाळीचा उठला की त्याच जागी रातपाळीचा आडवा होणारा. गिरणगावाचा आरंभही असाच होता हे वर आलेच आहे. फरक एवढाच की तेथे पुढे संघटना आली, कायदा आला, कल्याण केंद्रे आली आणि संध्याकाळ आली. येथे मागवाल्याच्या वाट्यास आठवड्यातून एक शुक्रवार येतो. त्या दिवशी माग बंद असतात. तो कपडे धुतो, नमाज वा देवदर्शन उरकतो, केस कापून घेतो, गावी पैसे पाठवतो, घरच्यांशी फोनवर बोलतो, आणि उरलेल्या दोन-अडीच तासांत वस्तीतल्या व्हिडिओ पार्लरमध्ये बाकावर दाटीने बसून भोजपुरी चित्रपट पाहतो. वग बसवावयाचा तर निदान महिनाभर, दर संध्याकाळी, ढोलकीवाल्यासह सात-आठ जणांनी एकत्र जमावे लागते. शनिवारी सकाळी मात्र हे सात-आठ जण दोन वेगवेगळ्या पाळ्यांत विभागलेले असतात.